विकणाऱ्याच्या मर्जीवरचा न्याय

१९७२ च्या दुष्काळात मी अकरा-बारा वर्षांचा होतो. मेहकर तालुक्यातील आमच्या गावाजवळ खडी फोडण्याचे काम निघाले होते. आमच्यासारखी शेतीवाडी असलेली कुणबी घरेही त्या कामावर होती. सारा गाव एकाच ढिगाभोवती बसे, नावे एकाच हजेरीपटावर लागत. पाण्याचे रांजण मात्र दोन होते. अस्पृश्यता राज्यघटनेने बावीस वर्षांपूर्वीच रद्द केली होती. पुढे बाबा आढावांच्या ‘एक गाव, एक पाणवठा’ चळवळीविषयी आम्ही वाचले. पण आमच्या गावाचा पाणवठा एक झाला तो नळ आल्यावर. त्याचे श्रेय आम्ही गावकऱ्यांनी घेऊ नये.

एप्रिल १९९४ मध्ये दक्षिण आफ्रिकेत सर्व वर्णांच्या नागरिकांनी प्रथमच एकत्र मतदान केले, तेव्हा मी अर्थशास्त्र शिकवीत होतो. वर्गात मंडेलांविषयी भारावून बोललो. मागच्या बाकावरील एका बौद्ध विद्यार्थ्याने विचारले, “सर, आणि जमीन?” त्याचे वडील सालदार होते. मला उत्तर देता आले नाही.

१९१३ च्या कायद्याने तेथील बहुसंख्य कृष्णवर्णीयांच्या वाट्याला जेमतेम सात टक्के भूमी ठेवली होती. नव्या सरकारने पाच वर्षांत तीस टक्के शेतजमिनीच्या फेरवाटपाचे उद्दिष्ट ठरविले. परंतु जमीन घ्यायची ती मालक राजी असेल तरच. २०१७ च्या सरकारी पाहणीत व्यक्तिगत मालकीच्या शेतजमिनीपैकी ७२ टक्के गोऱ्यांकडेच आढळली.

आपल्याकडे २००४ साली कर्मवीर दादासाहेब गायकवाडांच्या नावाने सबलीकरण योजना निघाली. भूमिहीन दलित कुटुंबाला चार एकर जिरायत किंवा दोन एकर बागायत. शासनाने ती विकत घ्यायची, अर्थात मालक राजी असेल तर. १९५९ आणि १९६४ साली भूमिहीनांचे सत्याग्रह उभारणाऱ्या नेत्याच्या नावाने जमीनमालकाच्या होकाराची वाट पाहावी, हे विचित्रच. ठरलेला दर बाजारापेक्षा कमी असेल तर काळी कसदार जमीन कोण विकेल? विक्रीला येणार ती मुरमाड, पाण्यापासून दूरची.

गायरानाची गोष्ट निराळी आहे. १४ एप्रिल १९९० पर्यंतची भूमिहीन दलित-आदिवासींची अतिक्रमणे नियमित करण्याचा निर्णय शासनाने १९९१ साली घेतला. तरीही अनेकांचा सातबारा कोराच राहिला आणि २०२२ च्या अखेरीस गायराने मोकळी करण्याच्या नोटिसा राज्यभर निघाल्या. माझ्या त्या विद्यार्थ्याच्या थोरल्या भावालाही एक आली. दगड वेचून त्यांच्या घराने केलेले ते दीड एकर शेत शासनाने आधी त्यांच्या नावे करावे. त्याला कोणी विकणारा शोधावा लागत नाही.