खटला कशावर चालतो आहे?

आदेलिया सांपायो हे नाव आपल्यापैकी किती जणींनी ऐकले आहे? १९८४ साली तिने ‘आमोर माल्दितो’, म्हणजे ‘शापित प्रेम’, हा चित्रपट केला. कृष्णवर्णीय स्त्रीने दिग्दर्शित केलेला ब्राझीलमधला पहिला कथापट तो हाच. तरी तो वर्षानुवर्षे विस्मृतीत पडून राहिला.

सुएली ही पाद्र्याची मुलगी, एकेकाळची सौंदर्यस्पर्धेतली विजेती. ती आत्महत्या करते आणि जिच्यासोबत तिने संसार केला त्या फर्नांडावर खुनाचा खटला उभा राहतो. कोर्टात मृत्यूची चौकशी होतच नाही. चिरफाड होते ती फर्नांडाच्या चारित्र्याची. सुएलीला दिवस गेल्यावर जो पुरुष तिला सोडून गेला, तो मात्र आरोपी नसतो.

‘चित्रपट तांत्रिकदृष्ट्या कच्चा आहे, मंडळात कशाला दाखवायचा?’ असे आपल्यातल्याच काही जणी म्हणतील. त्यांना माझा सवाल आहे, हा कच्चेपणा कुणी लादला? सरकारी चित्रपटसंस्था ‘एंब्राफिल्म’ने पैसे नाकारले. कलाकार-तंत्रज्ञांनी सहकारी तत्त्वावर काम करून चित्रपट पुरा केला. मग थिएटरवाले तयार होईनात. अखेर साओ पाउलोतला एक मालक तयार झाला, पण अट काय? ‘अश्लील’ चित्रपट म्हणून जाहिरात करायची! म्हणजे बायकांचे प्रेम पुरुषांच्या चाळ्यासाठी विकायला चालते, माणसाचे प्रेम म्हणून दाखवायला चालत नाही. घरकाम करणाऱ्या आईच्या या मुलीने ती अटही गिळली, कारण चित्रपट लोकांपर्यंत पोचायला हवा होता.

हे परदेशातले म्हणून झटकू नका. १९९८ मध्ये ‘फायर’वरून मुंबईत थिएटरची तोडफोड झाली. २०१८ मध्ये समलिंगी संबंध गुन्ह्याच्या यादीतून निघाले, पण आजही मुलगी मैत्रिणीबरोबर घर सोडून गेली की मैत्रिणीवरच पळवून नेल्याची तक्रार होते. पिंजऱ्यात फर्नांडाच उभी केली जाते.

आणि आपण? ‘आधी हुंडा, आधी मारहाण, हा प्रश्न नंतर’ असे आपणही म्हणत आलो. पण सक्तीचे लग्न आणि घरातला मार या बायकांच्याही वाट्याला येतोच. मग त्यांचा प्रश्न वेगळा कसा?

तेव्हा मैत्रिणींनो, हा चित्रपट दाखवा. ‘जरा वेगळा विषय आहे हं’ अशी प्रस्तावना न करता दाखवा. आणि नंतरच्या चर्चेत एवढेच विचारा: आपल्या गावात हा खटला चालला, तर आपली संघटना कोणत्या बाजूला बसेल?