समुद्रातली म्हैसाळ योजना

कॉन्व्हेंटमध्ये शिकल्यामुळे माझं शुद्धलेखन दिव्य आहे, संपादकांनी सांभाळून घ्यावं!

6 सप्टेंबर 2025, अनंत चतुर्दशी. मी घरी, कवठे महांकाळला होते. त्या दिवशी जेद्दाहजवळ लाल समुद्रात केबल तुटल्या आणि भारतापासून आखातापर्यंत नेट मंदावलं. बातमी ऐकून आजोबा म्हणाले, "नेट तर वरनं येतंय न्हवं, सॅटेलाइटनं? समुद्रात कसली वायर?"

हा गैरसमज आमच्या वर्गातही आहे! खंडाखंडांतला जवळजवळ सगळा डेटा समुद्रतळावरच्या केबलमधून, केसासारख्या बारीक काचतंतूंतून जातो. आजोबांना मी म्हैसाळ योजनेचं उदाहरण दिलं. कृष्णेचं पाणी आमच्या दुष्काळी तालुक्यात एका दमात चढत नाही, टप्प्याटप्प्याने उचलावं लागतं. काचेतून जाता जाता प्रकाशही क्षीण होतो, म्हणून साधारण 60 ते 100 किलोमीटरवर रिपीटर बसवतात. त्यात अर्बियम मिसळलेला फायबर असतो आणि त्याला ऊर्जा देणाऱ्या लेसरचं नाव चक्क 'पंप लेसर'! त्यासाठी वीज किनाऱ्यावरून, केबलमधल्याच तांब्यातून जाते.

"आन् लाइट गेली की?" आजोबांचा पुढचा प्रश्न. (दोन्ही किनाऱ्यांवरून वीज देतात. एक टोक बंद पडलं तरी दुसरं भागवतं. हे त्यांना फार आवडलं.)

पण केबल तुटली की जहाजच लागतं. तुटलेली टोकं गळाने वर ओढायची, जहाजावर जोडायची, परत खाली सोडायची. 1870 साली 'ग्रेट ईस्टर्न' जहाजाने मुंबई ते एडन तार टाकली, म्हणजे हा विषय आपल्याला दीडशे वर्षं माहीत आहे. जानेवारी 2008 मध्ये अलेक्झांड्रियाजवळ केबल तुटल्या तेव्हा भारताला जोरदार फटका बसला. तरी भारतीय ध्वजाच्या दुरुस्ती जहाजाचा विचार व्हावा, ही शिफारस ट्रायने केली ती 2023 मध्ये!

आमच्या बागेतली मोटर जळाली तर रिवाइंडिंगवाला गावातच भेटतो, म्हणून द्राक्षं वाचतात. तो परदेशातून, परवानग्या काढत येणार असता तर? आयटीवर एवढी मिजास करणाऱ्या देशाने स्वतःची दोन जहाजं तरी बाळगावीत, असं माझं स्पष्ट मत आहे. खर्च परवडत नाही हे कारण मला पटत नाही. विहिरीवर जादा मोटर ठेवणारा शेतकरीही हिशोब करूनच ठेवतो.

प्लेसमेंटच्या गप्पांत अशा जहाजाचं नाव आमच्याकडे कुणी काढत नाही. मला मात्र त्यावर काम करायला आवडेल. पोहता येत नाही, पण ते शिकता येईल.