ती उंबऱ्याकडे का पाहते?

मय्यतीच्या घरी पहिले काही दिवस माणसांची रीघ असते. मग डबे थांबतात, पाहुणे पांगतात. अशातच एखादी बेवा बाई सुनेला हळूच सांगते, ‘मगरिबनंतर ह्यांच्या चपला वाजल्या गं.’ कधी चहाचा एक कप जास्त होतो. घरातले एकमेकांकडे पाहतात. कुणी म्हणतं, असर झालाय, आमिलाकडे न्या. कुणी सब्राचा सबक देतं. बाई गप्प होते. आम्हाला काळजी वाटते ती या गप्प होण्याची.

१९७१ साली वेल्समधल्या डेवी रीस या डॉक्टरांनी २९३ विधवा-विधुरांच्या मुलाखती छापल्या. जवळपास निम्म्यांना गेलेला जोडीदार दिसला होता, त्याचा आवाज आला होता, किंवा तो जवळ असल्यासारखं वाटलं होतं. बहुतेकांनी ही गोष्ट तोवर कुणाजवळ काढलीच नव्हती. म्हणजे चपला वाजणं हे वेड नव्हे. चाळीस वर्षांची सवय कानातून एका दिवसात जात नाही.

सूरह यूसुफ आपण सगळ्यांनी वाचली आहे. हजरत याकूब (अलै.) यांचे डोळे रडून पांढरे झाले. यूसुफचा सुगंध येतोय म्हणाले, तर जवळच्यांनी ते जुनंच खूळ ठरवलं. त्यांचा मुलगा जिवंत होता, आपलं माणूस दफन झालेलं असतं, हा फरक आहेच. पण दु:खी माणसाला खुळं ठरवण्याची घाई तीच. आणि त्या रडण्यामुळे त्यांचा सब्र काही कमी झाला नाही.

मात्र बाई जेवण सोडते, रात्र-रात्र जागते, ‘दफन केलंच नाही, ते बाजारात गेलेत’ म्हणून दार उघडं ठेवते, आवाज तिला ‘माझ्याकडे ये’ म्हणतात, तेव्हा थांबू नये. मानसोपचार डॉक्टरांना दाखवावं. दु:ख सहा महिन्यांनंतरही तितकंच तीव्र राहिलं, रोजचं जगणं अडलं, तर जागतिक आरोग्य संघटनाही त्याला आजार मानते. त्यावर इलाज आहे. ‘इद्दत संपू दे, मग बघू’ असं म्हणत काही घरं चार महिने दहा दिवस घालवतात. इलाजासाठी बाहेर पडायला इद्दतीत मनाई नाही. शंका असेल तर आपल्या आलिमांना विचारून घ्यावं. दुआ चालू राहू द्या, गोळ्याही चालू राहू द्या.

डॉक्टर लांब असतील तर सरकारच्या टेलि-मानस सेवेचा १४४१६ हा नंबर आहे. फुकट, रात्रंदिवस, मराठीतही. आणि आज संध्याकाळी तिने चपलांचं काढलं, तर ‘भास झाला असेल’ म्हणू नका. ‘कुठल्या चपला, अम्मी? ईदला घेतल्या होत्या त्या?’ एवढं विचारून तिच्याजवळ बसा.