सहा आठवडे मोजा

पुण्याच्या गोखले संस्थेतले डॉ. डी. सी. वाधवा बिहारमधल्या जमीनविषयक कायद्यांचा अभ्यास करत होते. कायदे शोधता शोधता त्यांच्या हाती वटहुकूमच जास्त लागू लागले. एकाची मुदत संपली की त्याच मजकुराचा दुसरा, मग तिसरा. वाधवांनी हा धागा सोडला नाही, राजपत्रं काढून हिशेब मांडला. 1967 ते 1981 या काळात राज्यपालांच्या सहीने 256 वटहुकूम निघाले होते आणि पुन्हापुन्हा काढून ते एका वर्षापासून चौदा वर्षांपर्यंत चालू ठेवले होते. उसाच्या पुरवठ्याचा आणि खरेदीचा एक वटहुकूम तर जवळजवळ चौदा वर्षं टिकला. याच काळात बिहारच्या मतदारांनी पाच वेळा विधानसभा निवडून दिली.

राज्यघटनेचा नियम साधा आहे, आणि तो प्रत्येक मतदाराला पाठ असायला हवा. विधिमंडळाचं अधिवेशन चालू नसताना काही तातडीचं निघालं तर राज्यपालांना वटहुकूम काढता येतो. हे कलम 213. राष्ट्रपतींसाठी तसंच कलम 123 आहे. सभागृह पुन्हा भरलं की तो वटहुकूम त्याच्यापुढे ठेवावा लागतो, आणि सभा भरल्यापासून सहा आठवड्यांनी तो आपोआप संपतो. दोन अधिवेशनांत सहा महिन्यांहून जास्त अंतर ठेवता येत नाही. म्हणजे ताणून ताणून साडेसात महिने. त्यापुढे हवा असेल तर विधेयक आणा, चर्चा करा, मतदान घ्या.

बिहारने काय केलं? अधिवेशन संपलं की संसदीय कामकाज खात्यातून सगळ्या खात्यांना एक पत्रक जाई. अधिवेशन संस्थगित झालं आहे, वटहुकमांची मुदत संपेल, तेव्हा विधी खात्याशी बोलून ते पुन्हा काढून घ्या, असा त्याचा आशय. दरवेळी हेच. या पत्रकाची मला फार भीती वाटते. त्यात कुणी दुष्ट माणूस दिसत नाही. टेबलावर फाइल आली, शेरा मारला, पुढे गेली. काँग्रेसची सरकारं आली, संयुक्त विधायक दलाची आली, जनता पक्षाचं आलं, पत्रकाचा रिवाज सुटला नाही. एकाधिकारशाही अशीही येते. तिला हुकूमशहा लागत नाही, सोय पुरते.

मुळात वटहुकमाची ही तरतूद आपल्याला परक्या राजवटीकडून मिळाली. 1861 च्या कायद्याने व्हाइसरॉयला हा अधिकार दिला. मे 1930 मध्ये लॉर्ड आयर्विन यांनी लाहोर कटाच्या खटल्यासाठी वटहुकूम काढला आणि तीन न्यायाधीशांचं खास न्यायाधिकरण नेमलं. उच्च न्यायालयात अपिलाची सोय ठेवली नाही. कायदेमंडळाची मान्यता त्या वटहुकमाला कधीच मिळाली नाही. सहा महिन्यांत त्याची मुदत संपली, पण त्याआधीच, 7 ऑक्टोबरला, भगतसिंग, सुखदेव आणि आपल्या खेडचे, म्हणजे आजच्या राजगुरुनगरचे, राजगुरू यांना फाशीची शिक्षा सुनावून झाली होती. तात्पुरत्या कागदाने कायमचं काय होऊ शकतं, हे राजगुरुनगरच्या माणसाला वेगळं सांगायला नको.

स्वतंत्र भारतातही 1975 साली, आणीबाणीत, 38 वी घटनादुरुस्ती झाली. वटहुकूम खरोखर निकडीचा होता का, हे न्यायालयाने तपासायचंच नाही, असं तिने ठरवलं. 1978 च्या 44 व्या दुरुस्तीने ती बेडी काढली. बेडी निघाली, सवय राहिली.

वाधवांनी 1983 मध्ये पुस्तक लिहिलं आणि पुढे सर्वोच्च न्यायालयात दाद मागितली. त्यांच्याबरोबर बिहारमधले एक रयत शेतकरी, एक विद्यार्थी आणि एक वीटभट्टीवाले होते. पुण्याच्या माणसाचा बिहारच्या वटहुकमांशी संबंध काय, असा आक्षेप निघाला. न्यायालयाने तो मानला नाही. घटनेने सांगितलेल्या रीतीने केलेल्या कायद्यांनीच आपल्यावर राज्य व्हावं, यात प्रत्येक नागरिकाचं हित आहे, असं सरन्यायाधीश भगवतींच्या खंडपीठाने डिसेंबर 1986 मध्ये म्हटलं, आणि तेव्हा चालू असलेला इंटरमिजिएट शिक्षणाचा वटहुकूम रद्द केला. तरी एक फट राहिली. सभागृहात कामाची फार गर्दी असेल तर पुन्हा काढलेला वटहुकूम चालू शकेल, असं त्या निकालात होतं.

त्यानंतर तीनच वर्षांनी त्याच बिहारने 429 खासगी संस्कृत शाळा ताब्यात घेण्याचा वटहुकूम काढला आणि 1992 पर्यंत तो पुन्हापुन्हा काढत राहिला. शिक्षक स्वतःला सरकारी नोकर समजू लागले. वटहुकूम संपला आणि सगळं हवेत. ते शिक्षक न्यायालयात गेले, निकाल लागला 2 जानेवारी 2017 रोजी. सात न्यायाधीशांच्या घटनापीठाने बहुमताने सांगितलं की हे वटहुकूम म्हणजे घटनेशी केलेली फसवणूक होती, त्यातून कायमचा हक्क मिळत नाही. दिलेला पगार परत घेऊ नये, एवढाच दिलासा. सरकारचं काही गेलं नाही, आयुष्यं गेली मास्तरांची. वटहुकूम आपल्या फायद्याचा आहे ना, मग कशाला चौकशी, असं म्हणणाऱ्यांनी हे लक्षात ठेवावं.

लोकप्रतिनिधींना वळसा घालण्याची ही सवय आपल्याकडेही पाहा. मार्च 2022 मध्ये मुंबई-पुण्याच्या महापालिकांची मुदत संपली. मुदत संपण्याआधी निवडणूक व्हावी असं घटना म्हणते. प्रत्यक्षात ओबीसी आरक्षण आणि प्रभागरचनेच्या वादात तीन वर्षांहून जास्त काळ नगरसेवकच नव्हते. अंदाजपत्रकं प्रशासकांनी केली आणि प्रशासकांनीच मंजूर केली. आपण काय म्हणत होतो? 'बरंच आहे, नगरसेवकांची कटकट नाही.' काम झाल्याशी कारण. हे वाक्य मी सुशिक्षित, सज्जन माणसांच्या तोंडून ऐकलंय, आणि मला ते अजून बोचतं. खड्ड्याबद्दल जाब विचारायला निवडून दिलेला माणूस नसणं ही सोय नव्हे.

म्हणून विनंती आहे. 'सरकारने वटहुकूम काढला' अशी बातमी आली की भिंतीवरच्या कॅलेंडरवर त्या तारखेला खूण करा. अधिवेशन सुरू झालं की तिथून सहा आठवडे मोजा आणि आपल्या आमदारांना विचारा, तो सभागृहापुढे ठेवला का, विधेयक कधी येणार, त्यावर तुम्ही काय बोललात? तोंडी उत्तर मिळालं नाही तर लेखी विचारा, माहितीचा अधिकार 2005 पासून आपल्या हातात आहे. आपल्या पक्षाचं सरकार असेल तेव्हा तर आधी विचारा, कारण तेव्हा विरोधकांच्या प्रश्नाला कुणी भीक घालत नाही, तुमच्या प्रश्नाला घालावी लागते. राजपत्र वाचायला वकिलीची सनद लागत नाही. वाधवाही वकील नव्हते.