सीमेच्या दोन्ही बाजू

दरवर्षीं सहलीचे दिवस जवळ आले म्हणजे पालकसभेंत एकच वाद उपस्थित होतो. बहुतेक पालकांचें म्हणणें असें कीं, सबंध वर्ग एकदम न्यावा, दोन मोठ्या मोटारी कराव्या, चार ठिकाणें दाखवावीं आणि मुलांना मनमुराद खेळूं द्यावें. गेल्या सभेंत एका सद्गृहस्थांनीं मला सरळच विचारलें, "मास्तर, पंधराच मुलें घेऊन पडक्या भिंती पाहण्यांत आपण काय साधतां?" त्यांच्या प्रश्नांत कुत्सितपणा नव्हता. तथापि सभेच्या गडबडींत मला नीटसें उत्तर देतां आलें नाहीं. तें येथें देण्याचा प्रयत्न करतों.

उत्तर देण्यापूर्वीं एक गोष्ट कबूल केली पाहिजे. दोन वर्षांपूर्वीं मीहि साठ मुलें घेऊन एका किल्ल्यावर गेलों होतों. गळ्यांत शिटी, हातांत हजेरीचा कागद आणि डोक्यांत घड्याळ, अशी माझी अवस्था होती. दरवाजाशीं उभा राहून मीं वेढ्याचें वर्ष सांगितलें, जिंकणाऱ्याचें नांव सांगितलें आणि पुढें निघालों. इतक्यांत इयत्ता आठवींतील एका मुलीनें विचारलें, "सर, वेढा पडला तेव्हां खालच्या गांवांतलीं माणसें कोठें गेलीं?" मीं म्हटलें, "आतां वेळ नाहीं; रांगेंत चल." वेळ नव्हता हें खरें, परंतु उत्तरहि नव्हतें, हें त्याहून खरें. ती मुलगी निमूटपणें रांगेंत गेली. तिचा प्रश्न मात्र माझ्या मनांतून गेला नाहीं.

गेल्या मे महिन्यांत एका आप्ताकडे एडिंबरो येथें जाण्याचा योग आला. तेथून स्कॉटलंड आणि इंग्लंड यांच्यामधील सीमाप्रांत पाहण्यासाठीं मी एक दिवस सहलीला गेलों. मोटार सोळा माणसांची. ती चालविणारा गृहस्थच आमचा माहीतगार. त्या एका दिवसानें सहल म्हणजे काय, याविषयींचें माझें मत बदललें.

प्रथम ही सीमा कोणती तें सांगतों. पुष्कळांची अशी समजूत असते कीं, रोमन बादशहा हेड्रियन यानें इ. स. १२२ मध्यें बांधावयास घेतलेली भिंत म्हणजेच ही सीमा. तसें नाहीं, ती भिंत आज संपूर्णपणें इंग्लंडांतच आहे. ट्वीड नदीच्या मुखाकडून पश्चिमेस सॉलवेच्या खाडीपर्यंत जाणारी ही सीमारेषा स्थूलमानानें इ. स. १२३७ च्या यॉर्कच्या तहानें ठरली. तिची लांबी सुमारें १५४ किलोमीटर. आज ती ओलांडतांना कोणी अडवीत नाहीं, कीं कागद मागत नाहीं. परंतु तहानें कागदावर रेषा उमटली म्हणून जमिनीवर शांतता आली नाहीं. पुढील साडेतीनशें वर्षांत या मुलुखांतील लोकांना शांतता क्वचितच लाभली.

एडिंबरोहून दक्षिणेस निघाल्यावर सूट्रा नांवाची उघडी टेंकडी लागते. बाराव्या शतकांत तेथें प्रवासी, गरीब व आजारी यांच्यासाठीं मठवासी लोकांनीं रुग्णालय चालविलें होतें. आज तेथें एक लहानशी दगडी इमारत काय ती उरली आहे. सीमेच्या वाटेवर प्रथम किल्ला न दिसतां रुग्णालयाची जागा दिसावी, याचा मला अचंबा वाटला. टेंकडी उतरल्यावर लॉडर हें गांव येतें. आमच्या सोबत्यांना त्या गांवाचें विशेष कांहीं वाटलें नाहीं, परंतु मीं मात्र माहीतगाराला दोन मिनिटें थांबावयास सांगितलें. ज्या डॉ. जॉन विल्सन यांनीं मुंबईंत १८३२ मध्यें काढलेल्या शाळेंतून पुढें विल्सन कॉलेज निर्माण झालें, त्यांचा जन्म १८०४ मध्यें याच गांवीं झाला. ते १८२९ मध्यें मुंबईस आले, कोंकणकिनाऱ्यावर राहून मराठी शिकले आणि १८७५ मध्यें मुंबईसच निवर्तले. मीं हें सांगितलें तेव्हां माहीतगारानें आपल्या वहींत टिपून घेतलें. लहान मंडळींत हें घडूं शकतें. साठ जणांत मी तोंड उघडलें नसतें आणि त्यानेंहि ऐकलें नसतें.

पुढें एका उंचवट्यावरून ट्वीड नदीचें वळण आणि पलीकडे आयल्डन टेंकड्यांचीं तीन शिखरें दिसतात. या शिखरांवरूनच रोमनांनीं आपल्या छावणीला 'तीन डोंगर' अशा अर्थाचें ट्रायमाँटियम हें नांव दिलें होतें. नदीकाठीं मेलरोझचा मठ आहे. राजा पहिला डेव्हिड यानें तो ११३६ मध्यें स्थापिला, आणि यॉर्कशायरांतून, म्हणजे सीमेच्या पलीकडून, आलेल्या साधूंनीं तो वसविला. हे साधू मेंढ्या पाळीत; त्यांची लोकर बेरिक बंदरांतून परदेशीं जाई. १३२२ मध्यें इंग्लंडच्या सैन्यानें मठ उद्ध्वस्त केला. स्कॉटलंडचा राजा रॉबर्ट ब्रूस यानें तो उभारण्यास साह्य केलें. १३८५ मध्यें इंग्लंडच्या सैन्यानें तो पुन्हां जाळला. पुन्हां तो उभा राहिला. १५४४ व १५४५ सालच्या स्वाऱ्यांनंतर मात्र तो कधींच पूर्वस्थितीस आला नाहीं. ब्रूसचें हृदय येथें पुरलें होतें असें परंपरा सांगते. १९९६ मध्यें उत्खननांत मिळालेली एक शिशाची पेटी १९९८ मध्यें येथेंच पुन्हां पुरण्यांत आली.

ही जंत्री पाठ्यपुस्तकांतहि सांपडेल. परंतु आमच्या माहीतगारानें आम्हांस पूर्वेकडील मोठ्या खिडकीसमोर उभें केलें आणि म्हटलें, "ही खिडकी नीट पाहा. मठ जाळला इंग्लंडनें. आणि नंतर नव्यानें बांधलेल्या या खिडकीची घडण इंग्लंडांतील पद्धतीची." दुसऱ्या एका भिंतींत पॅरिसमध्यें जन्मलेल्या जॉन मॉरो या गवंड्याच्या कामाचा लेख कोरलेला आहे. मोडणारांचीं नांवें आम्हीं इतिहासांत घोकलीं होतीं. बांधणाऱ्या कारागिराचें नांव वाचण्याचा माझ्या आयुष्यांतील तो पहिलाच प्रसंग होता.

तेथून जेडबरोच्या मठावरून आम्ही दक्षिणेस निघालों आणि मोटारींत सीमेवरील लुटारूंच्या गोष्टी सुरू झाल्या. यांना तिकडे रीव्हर म्हणतात. दोन राज्यांचीं सैन्यें वारंवार येऊन पिकें जाळीत. म्हणून नांगरावर विसंबण्यांत अर्थ राहिला नाहीं. हांकून नेतां येतील अशीं गुरें हीच खरी संपत्ति झाली, आणि शेजाऱ्याचीं गुरें रात्रीं हांकून आणणें हा कुळांचा धंदा झाला. रात्री लांबल्या, गुरें चरून पुष्ट झालीं, कीं घोडेस्वार निघत. जाड भिंतींचीं घरें बांधीत. खालीं जनावरें आणि वर माणसें. लूट टळावी म्हणून शेतकऱ्याला जी खंडणी द्यावी लागे, तिच्यापासूनच ब्लॅकमेल हा शब्द आला. त्यांतील 'मेल' म्हणजे टपाल नव्हे, तर खंड. या गोष्टी माहीतगारानें अशा रंगवून सांगितल्या कीं, सारी मोटार हसूं लागली. मीहि हसलों. आणि तेवढ्यांत मला ती आठवींतील मुलगी आठवली.

मीं विचारलें, "ज्यांचीं गुरें गेलीं, त्यांचें पुढें काय होत असे?"

मोटारींत क्षणभर शांतता पसरली. मग तो म्हणाला, "माझ्या आईचें कूळ लुटणाऱ्यांतहि आहे आणि लुटल्या गेलेल्यांतहि आहे, सीमेच्या या बाजूसहि आहे आणि त्या बाजूसहि आहे. लुटणाऱ्यांवर पोवाडे झाले. लुटल्या गेलेल्यांच्या नुसत्या याद्या उरल्या." आणि तो त्या याद्यांविषयीं सांगूं लागला. दोन्ही राज्यांनीं सीमेचे प्रत्येकीं तीन भाग करून त्यांवर वॉर्डन नांवाचे अधिकारी नेमले होते. त्यांच्या दप्तरांत लोकांच्या तक्रारी आहेत: इतक्या गाई, इतक्या मेंढ्या, घरांतील भांडींकुंडीं, अंगावरचे कपडे. नोव्हेंबरांत गाय आणि अंथरूण गेलेल्या विधवेचा हिंवाळा कसा गेला असेल, हें त्यानें आम्हांस सांगितलें नाहीं, आम्हांस विचारलें. आतां कोणी हसत नव्हतें. मला वाटतें, सहलीचा खरा आरंभ तेथें झाला.

चेव्हिअट डोंगरांतील कार्टर बार या खिंडींत सीमेचा मोठा दगड उभा आहे. एका बाजूस स्कॉटलंड, दुसऱ्या बाजूस इंग्लंड. सगळ्यांनीं एक पाय इकडे, एक पाय तिकडे ठेवून छायाचित्रें घेतलीं. माहीतगारानें बोट दाखवून सांगितलें कीं, जवळच १५७५ मध्यें दोन्ही बाजूंचे वॉर्डन तक्रारींचा निवाडा करण्यासाठीं जमले होते. ठरलेल्या दिवशीं शस्त्रसंधि करून परस्परांचे गुन्हेगार हजर करावयाचे, असा रिवाज होता. १२४९ मध्येंच दोन्ही राज्यांच्या बारा-बारा सरदारांनीं एकत्र बसून सीमेचे कायदे निश्चित केले होते. परंतु त्या दिवशीं एका आरोपीवरून शब्दानें शब्द वाढला आणि न्यायाच्या सभेंतच रक्तपात झाला. विशेष हें कीं, त्यानंतरहि अशा सभा भरत राहिल्या. भांडण झालें म्हणून भेटणें सोडलें नाहीं, हीच मला त्या खिंडींतील मोठी गोष्ट वाटली.

लुटालूट थांबली कशी? १५२५ मध्यें ग्लासगोच्या आर्चबिशपनें या लुटारूंना लांबलचक शाप दिला; त्यानें ती थांबली नाहीं. १५३० मध्यें राजा पांचवा जेम्स यानें जॉनी आर्मस्ट्राँग व त्याच्या साथीदारांना फांसावर चढविलें. त्यानेंहि थांबली नाहीं. १६०३ मध्यें दोन्ही राज्यांवर एकच राजा आला. मग बंदोबस्त झाला खरा, परंतु तोहि सौम्य नव्हता. कित्येकांस फांशीं दिलें, ग्रॅहम कुळांतील अनेकांना आयर्लंडांत हद्दपार केलें. एकी झाली म्हणजे सर्वांचें गोड झालें, असें मुलांना शिकवणें हें अर्धसत्य होईल. परंतु दुसरी अर्धी गोष्टहि खरी आहे. ज्या आर्मस्ट्राँग कुळाला राजे फांसावर चढवीत, त्याच कुळनांवाच्या नील आर्मस्ट्राँग यांचें १९७२ मध्यें सीमेवरील लँगम गांवानें स्वागत केलें आणि त्यांना गांवाचें मानाचें नागरिकत्व दिलें. तीन वर्षांपूर्वींच त्यांनीं चंद्रावर पाऊल ठेवलें होतें.

आतां पालकांच्या प्रश्नाकडे वळतों. पडक्या भिंती पाहून काय साधतें? भिंती नुसत्या पाहून कांहींच साधत नाहीं, हें मला मान्य आहे. त्या भिंतींच्या दोन्ही बाजूंस माणसें होतीं, हें दाखविणारा कोणी असावा लागतो, आणि त्याला प्रश्न विचारण्यास सवड असावी लागते. साठ मुलांच्या जमावांत माहीतगाराचा भोंगा होतो आणि शिक्षकाचा शिपाई. मोठ्या जमावाला हंशा पाहिजे असतो, म्हणून सांगणाराहि लुटीच्याच गोष्टी सांगतो. लहान मंडळींत एक मूल जरी "पुढें काय झालें?" असें म्हणालें, तरी गोष्टीचा ओघ बदलतो. जिंकणाऱ्याचीच गोष्ट ऐकून वाढलेलें मूल उद्यां शेजारच्या गांवाशीं, शेजारच्या प्रांताशीं, शेजारच्या बांकावरील मुलाशीं कसें वागेल, याचा विचार पालकांनीं करावा. आज हातांतील मोबाईलवर एका बाजूची गोष्ट ऐकविणारे पुष्कळ आहेत. दुसरी बाजू दाखविण्यास मात्र मुलाला तेथें नेऊन उभें करावें लागतें.

लहान तुकडीस खर्च अधिक पडतो आणि सर्वांची पाळी एका वर्षांत येत नाहीं, हा आक्षेप मात्र खरा आहे. त्यावर माझी सूचना अशी. दूरचीं चार ठिकाणें सोडून जवळचें एकच घ्यावें, एस. टी.नें जावें, पंधरा-पंधरांच्या तुकड्या वर्षभर पाळीपाळीनें न्याव्या. माहीतगार त्या गांवचाच असावा. मग तो पदवीधर नसला तरी चालेल. परत आल्यावर निबंध लिहून घेण्यापेक्षां प्रत्येकानें तीन गोष्टी शोधून याव्या: हें कोणीं बांधलें, कोणीं मोडलें, आणि मोडल्यावर येथल्या माणसांनीं काय केलें. यांतील तिसरी बहुधा पुस्तकांत सांपडत नाहीं, तिच्यासाठींच सहल.

जून महिन्यांत शाळा उघडल्यावर त्या मुलीला मीं बोलावून घेतलें. ती आतां दहावींत आहे. दोन वर्षांपूर्वीं तुझ्या प्रश्नाचें उत्तर मला ठाऊक नव्हतें, म्हणून मीं तुला रांगेंत पाठविलें, असें मीं तिला सांगितलें. ती थोडी संकोचली, मग म्हणाली, "सर, तें गांव अजून किल्ल्याखालीं आहे. तेथल्या म्हाताऱ्या माणसांना विचारूं या का?"

येत्या डिसेंबरांत पंधरा मुलें घेऊन आम्ही त्या गांवीं जाणार आहोंत. सभेंत मला प्रश्न विचारणाऱ्या सद्गृहस्थांनीं आमच्याबरोबर यावें, अशी माझी त्यांना विनंति आहे. मोटारींत एक जागा त्यांच्यासाठीं राखून ठेवली आहे.