आर्मेनियाला दोष देण्याआधी

आर्मेनियाचा विषय निघाला की आपल्याकडे एक मत हमखास ऐकू येते. हे लोक कायम परक्यांच्या तोंडाकडे पाहत राहिले. कधी रशिया, कधी इंग्लंड, कधी अमेरिका. म्हणून त्यांचा घात झाला. सप्टेंबर 2023 मध्ये अझरबैजानने हल्ला केल्यावर नागोर्नो-काराबाखमधून एक लाखाहून अधिक आर्मेनियन आठवडाभरात घरदार सोडून निघाले, तेव्हाही हाच निवाडा झाला. मला तो अन्यायाचा वाटतो. त्यात जो लुटला गेला त्यालाच जाब विचारला जातो आणि ज्याने पहाऱ्याची जबाबदारी घेतली होती तो मोकळा सुटतो.

1878 साल घ्या. रशियाने ऑटोमन साम्राज्याचा पराभव केला होता. सान स्तेफानोच्या तहातील 16 व्या कलमाने आर्मेनियन प्रांतांत सुधारणा आणि संरक्षण देण्याचे बंधन सुलतानावर घातले, आणि रशियन फौजा त्या वेळी त्याच प्रदेशात होत्या. म्हणजे शब्दामागे बळ होते. रशियाची ही वाढ इंग्लंडला नको होती. चार-पाच महिन्यांत बर्लिनला नवा करार झाला. त्याच्या 61 व्या कलमात सुधारणांचे आश्वासन राहिले, पण रशियन फौजा त्या प्रांतांतल्या एर्झुरुमहून माघारी फिरणार होत्या आणि देखरेख सगळ्या बड्या सत्तांनी मिळून करायची होती. जे काम सगळ्यांचे, त्याला वाली कोणीच नव्हता. त्याच उन्हाळ्यात इंग्लंडने सुलतानाकडून सायप्रसचा ताबा मिळवला.

बर्लिनहून रिकाम्या हातांनी परतलेले धर्मगुरू ख्रिमियान यांनी आपल्या लोकांना जे सांगितले ते आर्मेनियन घरांत आजही सांगतात. हरिसा या लापशीच्या कढईतून इतरांनी लोखंडी पळीने आपापला वाटा काढून नेला. आमच्या हाती अर्जाची कागदी पळी होती, ती कढईतच विरघळली. टीकाकार याच प्रवचनाचा दाखला देऊन म्हणतात, बघा, हाती शस्त्र न घेतल्याचा दोष त्यांच्याच माणसाने कबूल केला. पण सुलतानाच्या राज्यात ख्रिस्ती प्रजेला शस्त्र बाळगण्याची मुभा नव्हती, हे ते सांगत नाहीत. 1894 मध्ये सासूनच्या डोंगराळ मुलखातील आर्मेनियनांनी प्रतिकार केला, तर तिथून सुरू झालेल्या कत्तली 1896 पर्यंत थांबल्या नाहीत. बर्लिनच्या कलमावर सही करणाऱ्यांनी निषेधाचे खलिते धाडले. एकाही सत्तेने फौज पाठवली नाही.

माझा मुद्दा इथेच आहे. जी हमी अमलात आणायची नाही ती देणे हे निरुपद्रवी काम नसते. तिच्यामुळे सुलतानाच्या नजरेत प्रत्येक आर्मेनियन परक्यांचा हस्तक ठरला, आणि हमी देणारे दूर राहिल्याने त्याची शिक्षा त्याने एकट्याने भोगली.

दुसरा आक्षेप याहून वाईट आहे. 1915 मध्ये आर्मेनियन रशियाला फितूर होते, म्हणून त्यांना सीमेवरून हलवावे लागले, असे आजही लिहिले जाते. मग अंकारा आणि बुर्सा इथले आर्मेनियन का हाकलले गेले? ही शहरे रशियन आघाडीपासून शेकडो मैल दूर आहेत. 24 एप्रिलच्या रात्रीपासून इस्तंबूलमधले आर्मेनियन लेखक, डॉक्टर, संपादक का पकडले गेले? ग्रिगोर झोहराब हे ऑटोमन संसदेचे सदस्य होते, गृहमंत्री तलात यांच्या परिचयाचे होते. त्यांनाही मारले. ऑटोमन फौजेत लढणाऱ्या आर्मेनियन सैनिकांची हत्यारे काढून घेऊन त्यांना मजूर तुकड्यांत टाकले होते. फितुरीवरचा उपाय बायका-मुलांना सीरियाच्या वाळवंटात मरायला सोडणे हा नसतो. हा वंशसंहार होता.

24 मे 1915 रोजी इंग्लंड, फ्रान्स आणि रशिया यांनी मानवतेविरुद्धच्या या गुन्ह्यांसाठी ऑटोमन सरकारातील व्यक्तींना जबाबदार धरू, असे जाहीर केले. पुढे इंग्रजांनी माल्टात ठेवलेले संशयित 1921 मध्ये आपल्या कैद्यांच्या बदल्यात सोडून दिले. अमेरिकेच्या सिनेटने जून 1920 मध्ये आर्मेनियाचे पालकत्व नाकारले. राष्ट्राध्यक्ष विल्सन यांनी नोव्हेंबरात आर्मेनियाची उदार सीमारेषा आखली, तेव्हा कार्स शहर तुर्कांच्या हाती पडून तीन आठवडे झाले होते. तुर्कस्तानशी झालेल्या 1923 च्या लोझानच्या तहात आर्मेनियाचे नावही नाही.

रशिया तरी खरा पाठीराखा, हे मतही टिकत नाही. 1903 मध्ये झारने आर्मेनियन चर्चची मालमत्ता जप्त केली. 1921 मध्ये मॉस्कोने कार्स तुर्कस्तानकडे आणि नाखिचेवान अझरबैजानच्या पदरात जाऊ दिले. 2022 मध्ये खुद्द आर्मेनियाच्या भूमीवर अझरबैजानचा हल्ला झाला, तेव्हा रशियाप्रणीत सुरक्षा संघटनेने पाहणी पथक पाठवले. आणि 2023 मध्ये काराबाख रिकामे होताना रशियन शांतिसैनिक तिथेच होते. आज येरेवान या संघटनेपासून दूर होत असेल, तर त्याला कृतघ्नपणा कोणत्या तोंडाने म्हणायचे?

आणि हे लोक स्वतःच्या पायावर कधी उभे राहिले नाहीत, हेही खोटे आहे. मे 1918 मध्ये रशियन फौज विरून गेली होती, मदतीला कोणी नव्हते. सार्दारापातच्या मैदानात शेतकरी, निर्वासित, धर्मगुरू सैनिकांच्या बरोबरीने उभे राहिले आणि येरेवानकडे येणारी ऑटोमन फौज मागे हटवली. आजचा आर्मेनिया नकाशावर आहे तो त्या लढाईमुळे. त्याच्या कितीतरी आधी आपल्या मद्रासमध्ये शहामीर शहामिरियान या आर्मेनियन व्यापाऱ्याच्या छापखान्यातून स्वतंत्र आर्मेनियन प्रजासत्ताकाची घटना मांडणारे पुस्तक निघाले. त्यावर 1773 साल आहे. पहिले आर्मेनियन नियतकालिक ‘अझदरार’ 1794 मध्ये मद्रासलाच छापले गेले. परक्या भूमीवर राहून स्वराज्याचा कायदा लिहिणारी माणसे परावलंबी कशी?

2022 पासून आर्मेनियाने भारताकडून पिनाका रॉकेट यंत्रणेसारखी शस्त्रे घेतली. तो रोखीचा व्यवहार आहे, आणि म्हणूनच मला तो प्रामाणिक वाटतो. पण तुर्कस्तान-पाकिस्तानला शह देणारे प्यादे म्हणून आपण त्या देशाकडे पाहू लागलो, तर बर्लिनमधल्या मुत्सद्द्यांचीच चूक आपण करू. उपराष्ट्रपती हमीद अन्सारी यांनी 2017 मध्ये आणि परराष्ट्रमंत्री जयशंकर यांनी 2021 मध्ये येरेवानमधल्या वंशसंहाराच्या स्मारकावर पुष्पचक्र वाहिले. 1915 च्या वंशसंहाराला मात्र भारताने अधिकृत मान्यता दिलेली नाही. आपल्या संसदेने ती ठरावाने द्यावी, आणि मराठी वाचकांनी आपापल्या खासदाराकडे तशी मागणी करावी.