वीस मिनिटांत रांजणखळगे

परवा नातीला घेऊन एका दिवसाच्या सहलीला गेलो. सकाळी राळेगणसिद्धी, दुपारी निघोजचे रांजणखळगे, संध्याकाळी वडगाव दर्या. सोबत गाईड. तिन्ही ठिकाणं पारनेर तालुक्यातलीच, त्यामुळे कागदावर सगळं छान बसत होतं!

पारनेर म्हणजे पर्जन्यछायेतलं कोरडं पठार. उघडी माळरानं बघून डोळे शिणतात. आणि मग अचानक कुकडीच्या पात्रात काळ्या कातळाला पडलेले खोल रांजण, त्यात साठलेलं पाणी... लेहहून चांग ला खिंड ओलांडून पँगाँग दिसतं, तेव्हा माणूस असाच गप्प होतो.

गाईड म्हणाला, "निसर्गाचा चमत्कार! वीस मिनिटं आहेत." सगळे फोटोला पळाले. घाईत काठावर पाय घसरायची भीती वेगळीच.

मला हे पटत नाही. चमत्कार कसला? पुरात दगडगोटे खळग्यात अडकतात, भोवऱ्यात गरगर फिरतात आणि बेसाल्ट कोरत राहतात. एवढंच. पण हजारो पावसाळे!

एका कोरड्या रांजणाच्या तळाशी ते गुळगुळीत गोटे पडलेले होते. गाईडने नाही, नातीने दाखवले. "आजोबा, हे इथे कुणी टाकले?" मी तोंड उघडणार, तोच गाडीचा हॉर्न वाजला.

गाईडने माहिती कमी सांगितली तरी चालेल, पण थांबू द्यावं. तीन ठिकाणं 'करण्यापेक्षा' एक बघावं.

असो. नातीचं उत्तर राहिलंय. पुढच्या रविवारी दोघंच जाणार. फक्त निघोज.